अडतिसाव्या वर्षी नायकाची आई

पत्र:
मी ३८ वर्षांची आहे. माहेर सांगलीजवळचं, आता डोंबिवलीत राहते. कॉलेजात एकांकिका केल्या, राज्य नाट्य स्पर्धेत अभिनयाचं प्रमाणपत्र मिळालं, लग्नानंतर मुंबईकडे आल्यावर मालिका-सिनेमांत कामं करू लागले. १४ वर्षांत नर्स, वहिनी, वकीलबाई, शेजारीण, हवालदार असं सगळं करून झालं. आता एका मोठ्या वाहिनीच्या नव्या मालिकेत नायकाच्या आईसाठी लूक टेस्ट झाली आणि होकार आला. नायक खऱ्या आयुष्यात २९ वर्षांचा! महिन्याला २० दिवस काम असेल म्हणतात. मैत्रिणी सांगतात, "एकदा केसांना पांढरं लावलंस की संपलं, पुढे आईच करत बसशील." त्यातच एका प्रायोगिक नाटकात मुख्य भूमिका आली आहे. तालमी पुढच्या महिन्यात सुरू होतील, पैसे नावापुरते. मिस्टर खासगी कंपनीत आहेत, मुलगी आठवीत आहे. माझ्या पैशांची घराला मदत होते, पण घर माझ्यावर चालत नाही. एका जुन्या मालिकेचे पैसे अजून अडकलेत, ते वेगळंच. भाजी घेताना बायका म्हणतात, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय," पण नाव कुणालाच येत नाही. १४ वर्षांची कमाई एवढीच का? आई करू की नको?
– एक अभिनेत्री, डोंबिवली

उत्तर:

नमस्कार ताई,

आई करा. पण सही करायच्या आधी करार वाचा, आणि घरी आणून वाचा. प्रॉडक्शनच्या ऑफिसात चहा पीत, समोर कुणीतरी पेन धरून उभं असताना नको.

तुमच्या मैत्रिणींना पांढऱ्या केसांची भीती वाटते. मला तुमच्या पत्रातल्या "२० दिवस काम असेल म्हणतात" या वाक्याची जास्त भीती वाटली. कोण म्हणतात? कशात म्हणतात? चरित्र अभिनेत्रीचं नुकसान भूमिकेच्या वयापेक्षा अशा मोघम बोलण्याने अधिक होतं. त्यावर सविस्तर लिहितेच. आधी वयाचा विषय उरकून टाकू.

रोहिणी हट्टंगडींनी 'गांधी'मध्ये (१९८२) कस्तुरबा केल्या तेव्हा त्या जेमतेम तिशीच्या होत्या, आणि म्हातारपणापर्यंतच्या कस्तुरबा त्यांनीच उभ्या केल्या. त्या कामाला सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार मिळाला. पुढे १९९०च्या 'अग्निपथ'मध्ये त्या अमिताभ बच्चनच्या आई झाल्या. अमिताभ त्यांच्यापेक्षा साडेआठ वर्षांनी मोठे. रीमा लागूंचा जन्म १९५८चा. 'मैंने प्यार किया' आला तेव्हा त्या ३१ वर्षांच्या होत्या आणि त्यात त्यांचा मुलगा झालेला सलमान खान त्यांच्याहून फक्त सात वर्षांनी लहान. 'वास्तव'मध्ये त्यांचा मुलगा झालेला संजय दत्त तर त्यांच्यापेक्षा जेमतेम वर्षभराने लहान. तेव्हा तुमच्या आणि नायकाच्या वयात नऊ वर्षांचं अंतर आहे म्हणजे आपल्याकडच्या रिवाजाने तुम्ही चांगल्याच वडीलधाऱ्या आहात!

हे थट्टेवारी नेण्यासारखं नाही, हे मला ठाऊक आहे. चाळिशीचा नायक पंचविशीच्या मुलीच्या मागे धावतो आणि त्याच्याच वयाच्या बाईच्या हातात औक्षणाचं तबक येतं, ही या धंद्यातली जुनी लबाडी आहे. तिचा राग यायलाच हवा. पण तो राग आला म्हणून तुम्ही नकार दिलात तर लबाडी थांबत नाही, भूमिका दुसरीकडे जाते, बस. शिवाय, थोडं कडवट वाटेल, पण १४ वर्षं नर्स आणि वहिनी केल्यावर नायिकेचं दार अजून उघडं आहे आणि आई केल्याने ते बंद होईल, असं आपण दोघींनीही धरून चालायला नको. ते दार तुमच्यासाठी नव्हतंच. तुमच्यासाठी जे दार आहे ते ३५ ते ५५ या वयोगटाचं, आणि सहायक भूमिकांची खरी गर्दी तिथेच असते.

"आई केली की आईच" हे खोटं नाही. हिंदीत जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलीस इन्स्पेक्टर केला आणि त्याची गिनीज बुकात नोंद झाली. साच्यात अडकणं म्हणतात ते हेच. पण दुसऱ्या बाजूने बघा: १४४ वेळा कुणीतरी फोन करून त्यांना बोलावलं. ज्या व्यवसायात उद्याचं काम कुणालाच ठाऊक नसतं, तिथे "हे काम तिलाच द्या" असं चार जणांच्या तोंडी येणं ही मिळकतीची गोष्ट आहे. साचा मोडायचा तो पोटापुरतं काम हातात आल्यावर. रीमाताईंनीच पडद्यावरची सोज्वळ आई करता करता 'तू तू मैं मैं'मधली खट सासू केली, आणि तीही आजपर्यंत लोकांच्या लक्षात आहे. त्या मूळच्या रंगभूमीवरच्या होत्या, म्हणून विनोदाची वेळ त्यांना साधत होती. नाटकाचा मुद्दा पुढे येईल तेव्हा हे लक्षात असू द्या.

आता करार. इथे मी थोडी रेंगाळणार आहे, कारण तुम्ही पत्रात यावर सगळ्यात कमी लिहिलंय.

पहिली गोष्ट, ते २० दिवस. ही "किमान हमी" आहे की नुसता अंदाज? हमी असेल तर १२ दिवसच बोलावलं तरी २० दिवसांचे पैसे द्यावे लागतात. अंदाज असेल तर तुमच्या तारखा अडकून पडतील आणि मिळकत मात्र ट्रॅकवर, म्हणजे कथानक कुठे वळतं त्यावर, अवलंबून राहील. नायकाचं लग्न असेल त्या महिन्यात आई रोज सेटवर. नायक-नायिका महाबळेश्वरला गेले की आई घरी, म्हणजे तुम्हीही घरी. हमी मिळत नसेल तर दिवसाचा दर वाढवून मागा. दोन्ही देत नसतील तर निदान दुसरी कामं घ्यायची मोकळीक मागा. यातलं एक तरी मिळायलाच हवं.

दुसरं, दुसऱ्या कामांवरची बंदी. एका वाहिनीवर रोज दिसताना दुसऱ्या वाहिनीच्या मालिकेत काम करू नका, ही अट बहुतेक करारांत असते आणि ती मला गैर वाटत नाही. पण सिनेमा, नाटक, वेब मालिका, जाहिरात, डबिंग हे सगळं त्याच वाक्यात गुंडाळलेलं असतं. तिथे पेनाने लिहून घ्या: नाटक आणि डबिंगला परवानगीची गरज नाही. मराठी मालिकांच्या सेटवर "संध्याकाळी प्रयोग आहे, चारला सोडा" हे वाक्य नवं नाही. नाटकवाल्या कलाकारांवरच या मालिका उभ्या राहिल्या आहेत आणि शेड्यूल लावणाऱ्यांना ही कसरत अंगवळणी पडलेली असते. मात्र त्यांना तारखा महिनाभर आधी लागतात. आदल्या रात्री फोन केलात तर तुमचा प्रयोग हा त्यांचा तोटा होतो.

तिसरं, लीप. हे नक्की विचारा, कारण कुणी आपणहून सांगत नाही. टीआरपी घसरला की कथानक पाच-सात वर्षांनी पुढे उडी मारतं. नायकाला मूल होतं आणि आईची आजी होते. ३८व्या वर्षी आई चालेल, पण ४०व्या वर्षी आजी करायची का, हे आजच ठरवा आणि "लीपनंतर भूमिका पुढे चालू ठेवायची की नाही हे कलाकाराच्या संमतीने ठरेल" असं एक वाक्य घालून घ्या. घालतील का? कदाचित नाही. पण विचारलंत तर निदान तुमच्या भूमिकेचा आराखडा कितपत तयार आहे ते त्यांच्या चेहऱ्यावरून कळेल. उलट बाजूही विचारा. आई काशीला गेली, कोमात गेली किंवा फोटोला हार चढला, तर किती दिवस आधी सांगणार? महिन्याची पूर्वसूचना मागणं हा आगाऊपणा नाही.

चौथं, पैसे कधी. मालिकांच्या धंद्यात ९० दिवसांनी पैसे हे तुम्हाला मी सांगायला नको. प्रश्न असा की ९० दिवस कशापासून? शूटिंगच्या दिवसापासून, महिनाअखेरीपासून, बिल दिल्यापासून, की एपिसोड दाखवल्यापासून? नव्या मालिकेत दोन-दोन महिन्यांचं चित्रीकरण आधी होऊन पडलेलं असतं. प्रसारणापासून मोजलं तर पहिला चेक पाच-सहा महिन्यांनी येईल, आणि तोवर डोंबिवलीहून जाणं-येणं तुमच्या खिशातून. म्हणून सेट कुठे आहे तेही विचारा. घोडबंदर रोड असेल तर एक गणित, गोरेगावची फिल्मसिटी किंवा नायगाव असेल तर दुसरं. १२ तासांची शिफ्ट, त्यावर तीन तासांचा प्रवास, आणि रात्री पॅकअपनंतर घरी सोडायला गाडी आहे की नाही? बाईने हे विचारलं की "नखरे" म्हणणारे असतात. म्हणू द्या.

साड्यांचंही विचारून घ्या. छोट्या भूमिकांना "ताई, घरच्या दोन-चार साड्या आणा" असं सर्रास सांगतात. रोजच्या मालिकेतली आई घरच्या साड्यांवर चालवायची झाली तर निम्मी मिळकत लक्ष्मी रोडवर जाईल.

बिलातून १० टक्के टीडीएस कापला जाईल. तो तुमच्या पॅनवर जमा होतोय का, हे वर्षातून दोनदा तपासा. कितीतरी कलाकार कापलेले पैसे परत मिळू शकतात हे माहीत असूनही विवरणपत्रच भरत नाहीत. चित्रपट कलाकारांना अंदाजित उत्पन्नाची सोयही आहे, म्हणजे एकूण पावत्यांच्या निम्मी रक्कम उत्पन्न धरून कर भरता येतो. ती तुमच्या मालिकेच्या कामाला लागू होते का हे जवळच्या सीएला विचारा, एका बैठकीचं काम आहे.

आता अडकलेले पैसे. त्याबद्दल तुम्ही एकच ओळ लिहिलीत, जणू ते पावसासारखं आपल्या हातात नसलेलं काहीतरी आहे. करार, कॉल टाइमचे (सेटवर यायच्या वेळेचे) मेसेज, दिलेली बिलं, कोणत्या तारखांना काम केलं त्याची यादी, हे सगळं एका फाइलमध्ये लावा. प्रसारित झालेल्या भागांचे स्क्रीनशॉट काढून ठेवा. मग आधी निर्मात्याला ईमेलने लेखी आठवण, रक्कम आणि तारखांसकट. उत्तर आलं नाही तर संघटनेकडे तक्रार. तुम्ही सिंटाच्या, म्हणजे सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशनच्या सभासद आहात का, हे लिहिलं नाहीत. नसाल तर १४ वर्षांत का झाला नाहीत? सभासद असल्याने पैसे आपोआप मिळतात असं नाही, पण एकट्या बाईचा फोन न उचलणारे लोक संघटनेच्या पत्राला उत्तर देतात. त्यानेही भागलं नाही तर वकिलाची नोटीस. आणि हे लक्षात ठेवा: येणं असलेल्या पैशांसाठी दिवाणी दावा करायची मुदत साधारणपणे पैसे देय झाल्यापासून तीन वर्षांची असते. "संबंध बिघडतील" म्हणून गप्प राहणाऱ्यांची मुदत अशीच निघून जाते, आणि ज्यांच्याशी संबंध जपले ते पुढच्या मालिकेत दुसऱ्याच कुणाला घेतात.

भाजीवालीपाशी भेटणाऱ्या बायकांचं म्हणाल, तर हा सल मला कळतो, पण त्यावर मी तुमच्याइतकी हळवी नाही. विजू खोटे 'शोले'त फार थोडा वेळ दिसले, आणि नंतर कितीही नाटकं-सिनेमे केले तरी जन्मभर लोकांसाठी ते कालियाच राहिले. लोकांनी भूमिकेच्या नावाने हाक मारणं हा या कामाचा स्वभावच आहे. तुमचं नाव भाजीबाजारात माहीत असण्याची गरज नाही. ते कास्टिंग करणाऱ्या पंधरा-वीस माणसांना पाठ हवं, आणि त्यासाठी बरंच काही तुमच्या हातात आहे. तुमची शो-रील, म्हणजे निवडक कामांची चित्रफीत, आहे का? असेल तर दोन-अडीच मिनिटांच्या वर नको, आणि सुरुवात रडण्याच्या प्रसंगाने नको. रडणाऱ्या बायकांच्या क्लिप त्यांच्याकडे ढिगाने येतात. तुमचा हवालदार आधी लावा. फोटो या वर्षीचे हवेत, त्यात एक तरी बिनमेकअपचा. सेल्फ टेपमध्ये, म्हणजे स्वतः चित्रित करून पाठवायच्या ऑडिशनमध्ये, नाव, उंची, दोन्ही बाजूंचे प्रोफाइल, भाषा. सांगलीकडची बोली येते हे ठळक सांगा, कारण शहरी मुलींना ती ओढूनताणून बोलावी लागते आणि ते ऐकू येतं. डबिंगच्या स्टुडिओंतही आवाजाचा नमुना देऊन ठेवा. हिंदी आणि दक्षिणेकडच्या चित्रपटांच्या मराठी डबिंगमध्ये तुमच्या वयाच्या आवाजांना काम असतं, आणि तिथे केस पांढरे की काळे हे कुणी बघत नाही.

(इतर वाचकांसाठी एक आगाऊ ओळ: काम देण्यासाठी "रजिस्ट्रेशन"चे पैसे मागणारा माणूस कास्टिंग डायरेक्टर नसतो. तो कितीही मोठ्या वाहिनीचं नाव घेवो, पैसे देऊ नका.)

आता थोडं कामाबद्दल, कारण तुम्ही शेवटी नटी आहात, हिशेबनीस नव्हे. मालिकेतल्या आईला संवाद कमी आणि क्लोजअप फार. नायिका काहीतरी बोलते, कॅमेरा तीनदा तुमच्या चेहऱ्यावर येतो आणि तुम्ही नुसतं ऐकायचं असतं. बहुतेक जण इथे कंटाळतात आणि भुवया उडवत राहतात. यावर अभ्यास म्हणून 'सिंहासन' (१९७९) पुन्हा बघा. चारच वर्षांपूर्वी 'सामना'त साखरसम्राट हिंदुराव रंगवलेल्या निळू फुल्यांना दिग्दर्शक जब्बार पटेलांनी इथे दिगू टिपणीस हा पत्रकार दिला. आजूबाजूला सत्तेचे खेळ चाललेत, मोठमोठे नट बोलतायत, आणि हा माणूस बराचसा वेळ ऐकतोय, बघतोय. गावचा बेरकी, बाईबाज पाटील म्हणून ज्यांना प्रेक्षक ओळखत होता त्यांनी काहीही न करता अख्खा सिनेमा स्वतःच्या डोळ्यांतून दाखवला. शेवटचं ते वेड्यासारखं हसणं पोचतं ते आधीच्या त्या ऐकण्यामुळे. साच्याबाहेरची भूमिका मिळाली तेव्हा ती पेलायला ते तयार होते, हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं.

तुम्ही करणार त्या आईलाही काहीतरी उद्योग द्या. लेखकांना पहिल्याच आठवड्यात विचारा, ही बाई दिवसभर काय करते? एलआयसीची एजंट असेल, पतसंस्थेत असेल, डबे करत असेल. मालिकेचे लेखक रोजच्या रोज दृश्यं पुरवताना मेटाकुटीला आलेले असतात. तुम्ही एखादी वापरण्याजोगी गोष्ट दिलीत तर ती घेतात, आणि पात्राला धंदा असला की त्याला स्वतःचे प्रसंग मिळतात. देवघरापुढे उभ्या असलेल्या आईला फक्त प्रतिक्रिया मिळतात.

नाटक सोडू नका. तुम्ही स्वतःच लिहिलंय की घर तुमच्यावर चालत नाही, त्यामुळे हे मी निर्धास्तपणे सांगते. मालिका दोन वर्षं चालेल किंवा चार महिन्यांत गुंडाळतील, ते तुमच्या अभिनयावर ठरणार नाही. नाटकातली मुख्य भूमिका तुमच्या हातात आहे आणि कास्टिंगची माणसं प्रयोगाला येतात. दिग्दर्शकाशी आताच मोकळेपणाने बोला. पहिले दोन महिने मालिकेचं काम जास्त असेल, तेव्हा तालमी रात्री किंवा रविवारी ठेवता येतील का, प्रयोग तीन-चार आठवडे पुढे ढकलता येईल का? प्रायोगिक गटांत बहुतेक सगळेच नोकऱ्या सांभाळून येतात, त्यांना हे समजतं. मालिकेकडे मागायचं ते एवढंच: महिन्यातले दोन रविवार प्रयोगासाठी मोकळे, लेखी. तेवढंही लिहून देणार नसतील, तर तुमच्या जागी मी मालिका सोडेन. तुमची मिळकत मुलीच्या फीसाठीच लागत असती तर उलटं सांगितलं असतं: मालिका घ्या आणि नाटकात तुमच्या जागी उभी राहील अशा दुसऱ्या नटीची सोय करा.

मुलीचंही गणित घाला. मालिका चालली तर तिची दहावी तुमच्या शूटिंगच्या मधोमध येईल. मिस्टरांशी याच आठवड्यात बसून बोला, नुसतं "बघू" नको. रात्री दहाला घरी येणाऱ्या बाईच्या घरात स्वयंपाक कोण करणार, हे पहिल्या एपिसोडच्या आधी ठरलेलं बरं.

आणि थोडं दूरचं. ए. के. हंगल शिवणकाम करायचे, सिनेमात आले ते पन्नाशीच्या आसपास, आणि पुढे दोनशेवर चित्रपट केले. पद्मभूषणही मिळालं. तरी अखेरच्या काळात औषधोपचाराला पैसे कमी पडत असल्याच्या बातम्या आल्या आणि लोकांना मदतीला धावावं लागलं. आपल्या धंद्यात ना पीएफ, ना ग्रॅच्युइटी. ज्येष्ठ कलावंतांना राज्य सरकार मानधन देतं, पण त्यावर म्हातारपण निघत नाही. मिस्टरांच्या कंपनीचा आरोग्य विमा त्यांच्या नोकरीपुरता असतो, म्हणून स्वतःच्या नावावर वेगळी पॉलिसी काढा, आणि ती चाळिशीच्या आत, हप्ता कमी बसतो तोवर. मालिकेच्या पहिल्या चेकमधून हीच गोष्ट आधी करा, नवीन फ्रीज नंतर.

करार हातात आला की दोन दिवस मागून घ्या. न पटलेल्या अटींवर पेन्सिलने खूण करा आणि आधी दिवसांची हमी आणि ते दोन रविवार यांवर बोला. बाकीच्या मुद्द्यांवर थोडंफार मागे-पुढे झालं तरी चालेल. त्या दोन दिवसांतच जुन्या मालिकेचं शेवटचं बिल शोधा, त्यावरची तारीख बघा आणि तीन वर्षं कधी भरतात ते मोजा. वर्षाहून कमी मुदत उरली असेल तर संघटनेच्या उत्तराची वाट बघत बसू नका, सरळ वकिलाकडे जा.